ब्रेकवर असताना मोडलेला हात

प्रिय भिंगरे,

ऑफिसात तुला मी 'मॅडम' म्हणते, आणि तूही मान खाली घालून ते ऐकून घेतेस. पण आज मी घरून लिहितेय, आणि माझ्या घरात कुणी मॅडम नाही. तेव्हा भिंगरीच. एका जागी बूड न टेकणारी, बोलायला लागली की पुढच्याला श्वास न घेऊ देणारी, आणि माझ्या उंचीवरून मला 'शिडी' अशी हाक मारणारी. फोन केला असता, पण फोनवर मी आधी ओरडले असते आणि मग रडले असते. दोन्ही तुझ्या सोयीचं झालं असतं. ओरडणाऱ्या बाईचं कुणी मनावर घेत नाही आणि रडणारीची समजूत काढून फोन ठेवता येतो. म्हणून कागद घेतला. आमचे हे शिलाई मशीनवर बसल्या बसल्या म्हणाले, "लिही, पण शिव्या गाळ." गाळल्यात. तरी जे उरलंय ते गोड नाही, हे आधीच सांगते.

परवा माझी साक्ष झाली. तुला माहीत असणारच, आमच्या केसची फाईल तुझ्याच टेबलावरून जाते. पण फाईलमध्ये काय उतरतं आणि तिथं उभं राहिल्यावर काय होतं, यात फार फरक आहे गं. कामगार कोर्टाची ती खोली तू पाहिली आहेस. खिडकीची काच फुटलेली, तिथं पुठ्ठा लावलेला, आणि पंखा असा की आवाज सगळा त्याचाच. खात्याचा वकील माझ्या मुलीच्या वयाचा. फार नम्र. मला 'ताई' म्हणत होता, आणि प्रत्येक 'ताई'ला माझ्या अंगाचा तिळपापड होत होता. "ताई, तुम्ही म्हणता तुमची नोकरी सलग झाली. पण प्रत्येक नेमणुकीनंतर मधे खंड आहे. बरोबर?" मी म्हटलं, "कागदावर आहे." "त्या दिवसांत मस्टरवर सही आहे तुमची?" "करू देत नव्हते." "पगार?" "नाही मिळाला." "म्हणजे ऑर्डर नाही, सही नाही, पगार नाही, आणि तरी तुम्ही कामावर होता! का हो ताई, घरी करमत नव्हतं?" मागे बसलेले लोक हसले. आपल्याच ऑफिसातले दोघे होते त्यात, रोज माझ्याकडून चहासाठी पाणी भरून घेणारे.

मग त्यानं हाताचा विषय काढला. "हा हात शीतखोलीत पडून मोडला असं तुमचं म्हणणं. पण हॉस्पिटलच्या नोंदीत तर लिहिलंय, घरी जिन्यावरून पडून." आणि लगेच, गंमत केल्यासारखं, "कितव्या मजल्यावर राहता ताई?" मी म्हटलं, "तळमजल्यावर. आमच्या घराला जिनाच नाही." न्यायाधीशांनी तेवढ्यापुरतं पेन थांबवून माझ्याकडे पाहिलं. तुला सांगते, त्या क्षणी मला वाटलं, आता झालं, आता यांना कळलं. पण तो पोरगा कसला खमक्या. लगेच म्हणाला, "मग कुणा नातेवाइकाच्या जिन्यावरून पडला असाल." हेही उतरवून घेतलं गेलं. म्हणजे आता सरकारदरबारी मी कुठल्या तरी न पाहिलेल्या नातेवाइकाच्या जिन्यावरून पडलेली बाई आहे. आणि तो जिना कुणी बांधला? तू बांधलास भिंगरे.

आपण एकाच दिवशी लागलो होतो. लसभांडाराच्या बाहेर त्या डगमगत्या बाकावर बसलो होतो. तू उठलीस की मी खाली जायची, मी उठले की तू. मुलाखत म्हणजे काय, साहेबांनी विचारलं, थंडी सोसते का? तू म्हणालीस, "थंडी सोसते साहेब, गप्प बसणं सोसत नाही." मला वाटलं, गेली हिची नोकरी. पण साहेब हसले आणि दोघींना घेतलं. किती आनंद झाला होता! सरकारी खातं, आज ना उद्या कायम होणारच. शीतखोलीतल्या लशींचं तापमान बघायचं, बर्फाचे पॅक गोठवायचे, पेट्या भरायच्या, गाडीत चढवून आरोग्य केंद्रांना रवाना करायच्या. मी वरच्या फळीवरच्या पेट्या हात उंचावून काढायची आणि तू खालून झेलायची. बाहेर ऊन मी म्हणत असायचं आणि आपण दोघी आत स्वेटरवर स्वेटर घालून, नाकं लाल करून. बाहेर आलो की लोक बघून हसायचे.

मग पहिली ऑर्डर संपली आणि 'ब्रेक' हा शब्द आपल्याला कळला. थोडे दिवस घरी बसायचं, मग नवी ऑर्डर, पुन्हा पहिल्यापासून, पुन्हा तेच वाक्य की ही नेमणूक निव्वळ तात्पुरती असून त्यावरून कायमपणाचा हक्क सांगता येणार नाही. आपण घरी बसायची तयारी केली तर साहेब म्हणाले, "अगं बायांनो, लशींना कुठं ब्रेक असतो? तुम्ही या. फक्त मस्टरला हात लावू नका, आणि पुढून येऊ नका. गाडी लागते त्या मागच्या दारानं या." आपण हसलो होतो तेव्हा. साहेब किती मनमोकळे, असं वाटलं होतं. आता खात्यानं कोर्टात जे म्हणणं दिलंय ते वाचलंस ना? वाचलंच असणार, टाईप तुझ्याच शाखेत झालंय. त्यात लिहिलंय की ही माणसं निवडीची रीतसर पद्धत टाळून 'मागच्या दाराने' नोकरीत शिरलेली आहेत. मी ते वाक्य वकीलबाईंच्या ऑफिसात वाचलं आणि इतकी हसले की त्यांनी घाबरून मला पाणी दिलं. मागचं दार! त्या दाराची कडी कुणी काढून ठेवली होती? तिथून आत येताना डोकं आपटायचं म्हणून मी वाकून यायची आणि तू मागून म्हणायचीस, "शिडी, आडवी हो."

आणि त्या दुपारची गोष्ट. कडक उन्हाळा, ट्रान्सफॉर्मर जळालेला, जनरेटरमध्ये डिझेल नाही. साहेब मुख्य कचेरीत बैठकीला, कायम असलेली सगळी मंडळी कसल्याशा प्रशिक्षणाला. भांडारात फक्त आपण दोघी, दोघी ब्रेकवर, आणि ड्रायव्हरकाका. तेही आपल्यासारखेच हंगामी. शीतखोलीचं तापमान चढायला लागलं. ड्रायव्हरकाका म्हणाले, "बर्फाच्या कारखान्यात माझ्या ओळखीचा माणूस आहे, हलवू सगळं." कुणाची परवानगी नाही, कुणाचा हुकूम नाही. लहान मुलांच्या लशी होत्या गं त्या. आपण हलवायला सुरुवात केली. गाडी भरायची, काका धावत घेऊन जायचे, परत यायचे. बर्फ वितळून फरशीवर पाणी पाणी झालेलं. मी सगळ्यात वरच्या फळीवरची पेटी दोन्ही हातांनी डोक्यावर धरून वळले आणि पाय सटकला. पेटी आपटू नये म्हणून मी ती छातीशी घेतली आणि डावा हात अंगाखाली गेला. मोडल्याचा आवाज तूही ऐकलास. तू किंचाळलीस. काकांनी मला उचलायला हात घातला तर मीच म्हटलं, आधी राहिलेल्या पेट्या. आणि तू रडत रडत त्या चढवल्यास, एकटीनं. हे मी विसरलेले नाही. तुझ्यावर कितीही चिडले तरी हे विसरणार नाही.

पण मग हॉस्पिटल. मी स्ट्रेचरवर, ओठ चावून रक्त आलेलं. डॉक्टरांनी विचारलं, कसं झालं, आणि तू माझ्याकडे न बघता म्हणालीस, "घरी जिन्यावरून पडली." मला वाटलं, मला भास झाला. नंतर कळलं, मधल्या वेळात साहेबांचा फोन आला होता. मी विचारलं तेव्हा म्हणालीस, "अगं, ब्रेकवर असताना आत काय करत होता असं निघालं तर दोघींची पुढची ऑर्डर जाईल. हात काय, जुळेल." जुळला. वाकडा जुळला. आज तो खांद्याच्या वर जात नाही. माझी पोर शाळेत जायची तेव्हा तिच्या वेण्या हे घालायचे, आणि एक वेणी नेहमी कानावर यायची. उपचाराचा खर्च खात्याकडे मागायची सोयच नव्हती, कारण खात्याच्या मते मी त्या दिवशी खात्यात नव्हतेच. आणि लशी वाचवल्याबद्दल साहेबांना प्रशस्तिपत्र मिळालं. गळ्यात हार घातलेला त्यांचा तो फोटो अजून ऑफिसच्या हॉलमध्ये आहे. बैठकीत होते ते त्या दुपारी! बैठकीत बसून त्यांनी लशी वाचवल्या, आणि तिथं असलेली मी जिन्यावरून पडले.

तरीही मी तुला तेव्हा सोडून दिलं होतं. भीती मलाही होती. खरं म्हणजे तूच मला त्या भीतीतून बाहेर काढलंस. केस करायची ही कल्पना तुझी. "किती वर्षं त्यांच्या दारात भिकाऱ्यासारखं उभं राहायचं?" हे तुझे शब्द. ड्रायव्हरकाकांना, मला, त्या औषधवाटपाच्या दोघींना तूच गोळा केलंस. वकीलबाई तूच शोधल्यास. त्यांच्या ऑफिसात टेबलावर हात आपटून तू सांगितलंस, आमचं काम कायम, खुर्ची कायम, फक्त आम्हीच तात्पुरत्या कशा? त्या दिवशी तुझा किती अभिमान वाटला होता मला! घरी येऊन ह्यांना सांगितलं, भिंगरी असेपर्यंत मला काळजी नाही.

आणि पहिल्या तारखेला कोर्टाच्या पायरीवर मी तुझी वाट बघत उभी. तू आली नाहीस. मला वाटलं, आजारी असशील. आत पुकारा झाला आणि खात्याच्या माणसानं सांगितलं, या अर्जदारानं अर्ज मागे घेतलाय. वकीलबाईंनी माझ्याकडे पाहिलं, मी त्यांच्याकडे. बाहेर आल्यावर ड्रायव्हरकाका एवढंच म्हणाले, "तिचा नवरा अंथरुणाला खिळलाय, पोरी. तिला बोलू नकोस." मी बोलले नाही. आठ दिवसांत कळलं की आस्थापना शाखेतल्या रिकाम्या जागेवर तुला कायम केलंय. भिंगरे, नीट वाच: तू कायम झालीस याचा मला राग नाही. खरंच नाही. तुझ्या घरात औषधाच्या बाटल्यांची रांग मी बघितली होती. तू माझ्याकडे येऊन म्हणाली असतीस, शिडी, मला जमत नाही, मी निघते, तर मी तुला स्वतः त्या खुर्चीवर बसवून आले असते. पण तू मला पायरीवर उभं ठेवलंस. आणि मग ऑफिसात समोरून येताना जिन्याकडे वळायला लागलीस.

त्यानंतर प्रत्येक ब्रेकचं पत्र मला तुझ्या हातून मिळालं. 'आपली सेवा आजपासून संपुष्टात येत आहे', खाली तुझी ती गोल सही. तू पत्र टेबलावर सरकवायचीस आणि लगेच दुसरी फाईल उघडायचीस. एकदा तरी वर बघायचंस! मी तर तिथंच उभी असायची, मला कुठं जायचं होतं? त्याच दिवशी दुपारी पुन्हा मागच्या दारानं आत येऊन मी बर्फाचे पॅक भरत असायची, आणि तुझ्या खिडकीतून ते दार दिसतं. ही इतकी वर्षं तू मला येताना बघितलं आहेस, प्रत्येक ब्रेकमध्ये. एकदा तू खिडकीचा पडदा ओढलास. उन्हासाठी ओढला असशील. मी स्वतःला असंच सांगते.

ड्रायव्हरकाका गेले तेव्हा तू आली नाहीस. ते गाडी चालवतानाच गेले. छातीत कळ आली तर आधी गाडी कडेला घेतली, इंडिकेटर लावला, मग मान टाकली. मागे लशीच्या पेट्या होत्या, सगळ्या सुखरूप. मी साहेबांच्या जागी आलेल्या नव्या साहेबांकडे गेले, म्हटलं, ऑफिसात दोन मिनिटं उभं राहून श्रद्धांजली वाहू. ते म्हणाले, "तशी पद्धत कर्मचाऱ्यांसाठी आहे. हे कर्मचारी नव्हते ना, कंत्राटी होते." मी काय बोलले ते इथं लिहीत नाही, ह्यांनी शिव्या गाळायला सांगितल्यात. काकांच्या बायकोला पेन्शन नाही, पोराला त्यांच्या जागी नोकरी नाही, कारण जागाच नव्हती म्हणे. माणूस स्टिअरिंगवर गेला, आणि जागा नव्हती! त्यांच्या घरी मी बसले होते तेव्हा काकू म्हणाल्या, "ती बडबडी कशी नाही आली? हे तिला फार मानायचे." मी म्हटलं, तिला रजा मिळाली नसेल. तुझ्यासाठी मी खोटं बोलले. पहिल्यांदा नाही, पण शेवटचं.

माझ्या स्वतःच्या हालांची यादी देत नाही. बाळंतपणात रजा नव्हती हे तुला माहीत आहे, माझ्या वाटणीचं काम तूच ओढलंस. घरासाठी कर्ज मागायला गेलो तर बँकेतला माणूस ऑर्डर उलटीपालटी करून म्हणाला, "बाई, ही तर चार महिन्यांत संपते, मग हप्ता कोण भरणार?" आम्ही दोघं ऑर्डर घडी घालून बाहेर आलो. मुलगी आता कमावते, म्हणते, सोड ना आई, कशाला त्या कोर्टाच्या पायऱ्या झिजवतेस, जिंकलीस तरी नोकरीची वर्षं उरलीत किती? परवा लोक हसले ना, तेव्हा मला तिच्या प्रश्नाचं उत्तर मिळालं. मला आता कायम होण्यापेक्षाही त्या हसणाऱ्यांची तोंडं बंद झालेली बघायची आहेत. वेड्यासारखी बिनपगारी येऊन कुणाच्या तरी जिन्यावरून पडणारी बाई म्हणून मला निवृत्त व्हायचं नाही.

आता हे पत्र का. काल वकीलबाईंनी खात्याच्या साक्षीदारांची नावं सांगितली. पहिलंच नाव तुझं. ब्रेकच्या काळात कुणी कामावर नव्हतं, हे शपथेवर सांगायला खातं तुला उभं करणार आहे. जुने साहेब मुलाकडे परदेशात आहेत, फोन उचलत नाहीत. ड्रायव्हरकाका गेले. ती दुपार पाहिलेलं माणूस म्हणून आता तू एकटी आहेस, आणि तुला त्यांनी त्यांच्या बाजूनं घेतलंय. वकीलबाईंनी मला बजावलंय, साक्षीदाराशी एक शब्द बोलायचा नाही, पत्र तर नाहीच नाही; समोरच्यांच्या हाती लागलं तर साक्षीदार फोडला म्हणून आपलीच केस बुडेल. तरी मी लिहिते आहे, खाली सही करून. तुझी निवृत्ती तोंडावर आहे आणि तुझं पेन्शन अजून त्यांच्या हातात आहे, हे मला कळतं. म्हणून मी तुझ्याकडे काही मागत नाही. तुला वाटलं तर उद्या सकाळीच हे पत्र नेऊन साहेबांच्या टेबलावर ठेव. तुझी सुटका होईल, माझी केस संपेल, आणि तुला त्या पिंजऱ्यात उभंही राहावं लागणार नाही. नाही ठेवलंस तर तारखेला ये. तो पोरगा तुला मॅडम म्हणेल आणि विचारेल, ही बाई त्या दिवशी आत होती का? मी समोरच्या बाकावर बसलेली असेन. जे सांगायचं ते सांग, पण या खेपेला माझ्याकडे बघून सांग.

राग न उतरलेली, तरी तुझीच,
शिडी